चौतीस चित्रांचा उशीर

मोबाइल वृंदाच्या हातात, स्लो-मोशन चालू.
एकाच चौकटीत माझा अंगठा आणि टीव्ही.
मी बटण दाबतो. मग आम्ही दोघं खाटेवर बसून
चित्रं मोजतो, एकेक पुढे सरकवत,
तांदळातले खडे वेचावेत तशी.
अंगठा खाली गेला : एक.
गाडी हलली : चौतीस.

सेकंदाचे दोनशेचाळीस तुकडे करतो हा फोन,
त्यातले चौतीस वाटेत कुठेतरी गळतात.
कुठे, ते निवतीत कोणाला विचारू?
जेटीवर इंजिनातलं कळणारे सात जण आहेत,
बर्फातलं कळणारे त्याहून जास्त.

कन्सोल म्हापशाच्या मावसभावाचा, वापरलेला.
टीव्ही कुडाळहून. दुकानदार केळुसकर म्हणाला होता,
चित्र बघा, तूप आहे तूप!
मला उशिरा कळलं ते तूप कसं कढवतात :
दोन चित्रांच्या मधे टीव्ही तिसरं स्वतःच्या मनाने काढतो,
आणि त्यासाठी आलेलं चित्र धरून ठेवतो,
पुढचं येईपर्यंत सोडत नाही.
माझी गाडी तोवर भिंतीत.

आणि आबा जिंकतात.
हे मात्र मला सहन होत नाही.
बत्तीस वर्षं सुकाणू धरलेला माणूस,
कंट्रोलर धरतो बांगडा धरल्यासारखा, शेपटीकडून,
वळण दिसायच्या आतच, सरळ मोकळ्या रस्त्यावर
अंगठा फिरवतो.
मी हसतो.
गाडी नेमकी वळणात वळते.
"होडी काय सांगितल्याबरोबर वळता?
तिका आधी सांगूक लागता."

त्या रात्री मी बसलोच.
ब्लूटूथ बंद. वायर शोधली, तिचं तोंड खाऱ्या हवेने हिरवं पडलेलं,
जुन्या टूथब्रशने, स्पिरिटने घासलं.
वायर दीड मीटर, म्हणून खाट पुढे ओढली,
आई आतून, डोळे जातील रे.
टीव्हीच्या मेनूत चौथ्या पानावर, तळाला,
लपवून ठेवल्यासारखा गेम मोड.
चालू.
गुळगुळीतपणा बंद. धूसर कण पुसणं बंद.
रंग उजळणं, तेही बंद.
तूप गेलं. चित्र आता न चाळलेल्या पिठासारखं,
आणि माझा अंगठा पहिल्यांदाच
माझा.

वृंदाने मोजलं. पुन्हा मोजलं.
पंधरा.

दुसऱ्या दिवशी आबा लिलाव आटपून आले,
हात धुतले, बसले.
पहिल्या वळणाआधी अंगठा फिरवला, नेहमीसारखा,
आणि गाडी तिथल्या तिथे वळून
सरळ रस्त्याच्या कठड्यात घुसली.
दुसऱ्यांदा तेच.
तिसऱ्यांदा त्यांनी कंट्रोलर उलटा करून पाहिला,
वायर बोटांतून ओढून पाहिली, पीळ पडलाय का बघावा तशी.
"ह्येका काय केलंस?"
उशीर काढला.
"कित्याक?"

यावर माझ्याकडे आकडा होता,
आणि आकडा सोडून काही नव्हतं.

तीन रात्री मी जिंकलो. मोठ्याने जिंकलो.
आबा म्हणाले, बरा झाला तुझा,
आणि चौथ्या रात्री ते ओसरीवर जाळ्याचं भोक सांधत बसले,
सुई आत, सुई बाहेर,
टीव्हीकडे पाठ नव्हती त्यांची, तोंडही नव्हतं.

पाचव्या रात्री ते जेवत असताना
मी मेनूच्या चौथ्या पानावर गेलो.
गेम मोड काढला. तूप परत ओतलं.
वायर राहू दिली, तेवढी माझ्यासाठी.
वृंदा म्हणाली, एकोणतीस,
त्यांच्या सवयीला पाच कमी.
मी म्हटलं, गप्प.

आबा, एक डाव?

पहिल्या वळणाला त्यांची गाडी जरा घासली.
ते काही बोलले नाहीत, खाटेवर थोडे सरकले.
दुसऱ्याला घासली नाही.
तिसऱ्याला मी
अजून बटणच दाबत होतो.